जुन्या फुटेजमधले ते ११ सेकंद, ठेवू की काढू?

काठावरची

नमस्कार मंडळी, बरेच दिवस इथे नुसतं वाचतेय, आज पहिल्यांदा धागा काढतेय कारण गेले आठ दिवस एका गोष्टीने झोप उडवलीय आणि टीममध्ये त्यावर बोलून बोलून आम्ही सगळेच थकलोय.

धरणाखाली गेलेल्या एका गावावर डॉक्युमेंटरी करतेय, माझी पहिलीच. रफ कट (कच्चं संकलन) ७० मिनिटांचा झालाय, त्यात साधारण २२ मिनिटं जुनं फुटेज आहे. ते दोन ठिकाणांहून मिळालं. एक म्हणजे धरणाच्या उद्घाटनाचा १६ एमएमचा समाचारपट, भाषणं, फीत कापणं, पाणी सोडणं वगैरे, तो एका संग्रहाकडून फाईल म्हणून आला, पण ती फाईल खूप वर्षांपूर्वी टेपवर उतरवलेल्या कॉपीवरून केलेली आहे. दुसरं म्हणजे धरणावर काम केलेल्या एका इंजिनिअरच्या घरचे सुपर ८ चे (घरगुती वापराची छोटी फिल्म) सहा डबे, ते त्यांच्या मुलीने विश्वासाने माझ्या हातात दिले. ते अजून स्कॅन व्हायचेत, नमुन्याला म्हणून एकच डबा करून घेतलाय.

गाव उठलं त्या दिवसाचं मात्र कुठेच काही नाही. एक फ्रेमसुद्धा नाही. आणि आमच्या आजी (फिल्ममधल्या मुख्य, वय ८० च्या पुढे) तोच दिवस इतका सविस्तर सांगतात की तिथे चेहराच सलग ठेवला तर चार मिनिटं होतात. म्हणून मी एका स्टॉक साइटवरून (तयार क्लिप विकणारी) ११ सेकंदांची क्लिप घेतली, गाठोडी घेतलेली माणसं ट्रकमध्ये चढतायत, एक मूल वळून कॅमेऱ्याकडे बघतं. ती दुसऱ्याच प्रदेशातली आहे, बहुधा पुराच्या वेळची. ब्लॅक अँड व्हाइट, दाणेदार, एकदम बसली. सगळे म्हणाले अंगावर काटा आला.

मग गावातल्या नऊ जणांना रफ कट दाखवला. बाकीचे रडले. आजी शांत बसल्या होत्या आणि शेवटी एवढंच म्हणाल्या, "ही आमची माणसं नव्हेत. आम्हाला ट्रक आलाच नव्हता, आम्ही चालत गेलो."

आता माझा सहकारी म्हणतो की जगात कुणालाही कळणार नाही, सगळेच असं करतात आणि भावना तर खरी आहे. मला त्याचं म्हणणं खोडता येत नाही, पण तो शॉट टाइमलाइनवर आला की माझा हात थांबतो. तुम्ही काय केलं असतंत?

दवबिंदू

वाचतेय. इथले जाणकार येतीलच. आजींचं वाक्य वाचून गलबलून आलं.

स्टीनबेक

काढ. बाकी कारणं नंतर.

मी फिल्म कापायच्या काळापासून एडिटिंग करतोय म्हणून थोडं पाल्हाळ लावतो, सांभाळून घ्या. आपल्याला सवय अशी लागते की जुना शॉट म्हणजे पार्श्वभूमी, कुणीतरी बोलतंय आणि त्याच्या मागे चालवायला चित्र हवंय. पण शॉट हा कागदपत्रासारखा असतो. कुणीतरी, एका जागी, एका दिवशी, कुणाच्या तरी सांगण्यावरून कॅमेरा लावला होता. ही चार उत्तरं ज्या शॉटची माहीत नाहीत तो माझ्या टाइमलाइनवर लाल रंगात असतो, आणि फायनल कटला एकही लाल राहत नाही. तुझ्या शॉटची तर उत्तरं माहीत आहेत आणि ती तुझ्या फिल्मच्या विरुद्ध आहेत. "चालत गेलो" आणि "ट्रकमधून गेलो" यात सोय कुणी केली, केली की नाही, हा सगळा प्रश्न येतो. ट्रक दाखवलास की नकळत म्हणतेस की ट्रक दिले होते.

"कुणाला कळणार नाही" याबद्दल एक जुनी गोष्ट. पहिल्या महायुद्धात १९१६ साली फ्रान्समधल्या सोमच्या लढाईवर ब्रिटनमध्ये एक माहितीपट निघाला, लाखो लोकांनी थेटरात पाहिला. त्यात सैनिक खंदकातून वर चढून हल्ल्याला निघतात आणि एकदोघं तिथेच कोसळतात, असा प्रसंग आहे. बाकीचं बरंचसं फुटेज खरं आहे पण हा प्रसंग आघाडीच्या मागे मुद्दाम उभा करून घेतलेला होता. नंतर अभ्यासकांनी बघितलं की सैनिकांच्या पाठीवर पूर्ण सामान नाही, आणि कॅमेरा जिथे आहे तिथे खऱ्या हल्ल्यात माणूस उभाच राहू शकत नाही. पण तोवर तोच शॉट शंभर फिल्म्समध्ये "पहिलं महायुद्ध" म्हणून जाऊन बसला होता. तसंच सोव्हिएत दिग्दर्शक आयझेनस्टाइनच्या 'ऑक्टोबर'चं, तो रशियन क्रांतीनंतर दहा वर्षांनी नट आणि गर्दी घेऊन शूट केलेला सिनेमा, पण हिवाळी राजवाड्यावरच्या हल्ल्याचे त्यातले शॉट आजही लोक खरं फुटेज म्हणून लावतात. एकदा चुकीच्या पाटीखाली गेलेला शॉट परत येत नाही गं. उद्या तुझ्या फिल्ममधून कुणीतरी ते ११ सेकंद उचलेल आणि तुझ्या गावाच्या नावाने पुढे नेईल.

पाचोळा

स्टीनबेक काकांचा आदर आहे पण मी वेगळं मत मांडतो. डॉक्युमेंटरी म्हणजे पंचनामा नाही. १९२७ मध्ये सोव्हिएत दिग्दर्शिका एस्फिर शूब बाईंनी झारच्या काळातलं फुटेज तळघरं धुंडाळून गोळा केलं, त्यात राजघराण्याच्या घरच्या फिल्मसुद्धा होत्या, आणि ते असं जोडलं की झारच्या कौतुकासाठी काढलेलं चित्र झारच्याच विरुद्ध साक्ष द्यायला लागलं. बोटीवर नाचून घामाघूम झालेली बडी मंडळी आणि लगेच पुढे अंगमेहनतीने घामाघूम झालेले मजूर, हे दोन शॉट एकत्र कधीच घडले नव्हते, ते एडिटिंग टेबलवर घडले. मग तेही खोटं म्हणायचं का? संकलनाचा जन्मच अशा जोडण्यातून झालाय. विस्थापन सगळीकडे सारखंच दिसतं, गाठोडं ते गाठोडं. ज्यांच्यावर कॅमेरा कधी कुणी रोखलाच नाही त्यांच्या वाट्याला कोरी फ्रेम द्यायची, हाही अन्यायच नाही का?

स्टीनबेक

शेवटचा प्रश्न चांगला विचारलास आणि तो मला बोचला. पण शूबबाईंचं उदाहरण माझ्या बाजूने जातं बघ. त्यांनी मजुरांना मजूर आणि दरबाऱ्यांना दरबारीच म्हटलं, ते जोडून नवा अर्थ काढला आणि तो अर्थ जोडातून आलाय हे प्रेक्षकाला दिसतं. इथे जोड लपवलाय. आजी "मी" म्हणतायत आणि पडद्यावर दुसरीच बाई "मी" होऊन चाललीय. आणि "गाठोडं ते गाठोडं" हे मला अजिबात मान्य नाही. त्या क्लिपमधल्या बाईचंही एक गाव होतं, तिची स्वतःची गोष्ट होती, तिला आपण आपल्या गोष्टीत फुकट राबवतोय.

काठावरची

हे शेवटचं माझ्या डोक्यातच आलं नव्हतं. मी फक्त आमच्या गावाच्या बाजूने विचार करत होते, त्या क्लिपमधल्या माणसांचा नाहीच.

पाचोळा, तुमचा प्रश्न पण राहतोच. कोरी फ्रेम द्यायची का?

आंबट_वास

मूळ प्रश्नावर नंतर बोलते, आधी ते सहा डबे!! मी फिल्म जतनाचं काम करते म्हणून जीव वरखाली झाला. काठावरची, डबे उघडल्यावर व्हिनेगरसारखा आंबट वास येतो का? येत असेल तर ॲसिटेट बेस (फिल्मची प्लास्टिकची पट्टी) कुजायला लागलाय, त्यातून ॲसेटिक ॲसिड बाहेर पडतं आणि तेच पुढचं कुजणं आणखी वाढवतं, म्हणजे एकदा सुरू झालं की थांबवता येत नाही, थंड आणि कोरड्या जागी ठेवून फक्त हळू करता येतं. असा डबा चांगल्या डब्यांपासून आजच वेगळा कर. रीळ आखडतं, वाकतं, कडेच्या भोकांमधलं अंतर कमी होतं, मग जुन्या प्रोजेक्टरच्या दात्यांवर लावलंस की फाटत जातं. "एकदा बघून तर घेऊ" म्हणून घरचा प्रोजेक्टर लावू नकोस, कृपा करून. सरळ दाते नसलेल्या स्कॅनरवर दे, तो आखडलेली फिल्मही अलगद ओढतो.

आणि डब्यावर, आतल्या चिठ्ठीवर, लीडरवर (रिळाच्या टोकाची कोरी पट्टी) पेनाने जे जे काही लिहिलंय त्याचे फोटो काढ, पुसट असलं तरी. मला एकदा एका रिळाची तारीख निव्वळ फिल्मच्या कडेवरच्या छापावरून लागली होती, कंपन्या कडेला खुणा छापायच्या त्यावरून कच्ची फिल्म कुठल्या वर्षी तयार झाली ते कळतं. अर्थात त्यावरून "याच्या आधी शूट झालं नाही" एवढंच सिद्ध होतं, शूट त्या वर्षीच झालं असं नाही.

काय गेलंय आणि काय वाचलंय हे किती नशिबावर असतं त्याचं एक उदाहरण देते. १९७८ सालचंच. त्या वर्षी कॅनडात डॉसन सिटीला बांधकामासाठी खोदताना जमिनीखाली नायट्रेट फिल्मची (जुन्या काळची, चटकन पेट घेणारी) पाचशेच्या वर रिळं सापडली, १९२९ च्या सुमारास भराव म्हणून पुरलेली आणि थंडीने टिकलेली, त्यात समाचारपटही होते. आणि त्याच वर्षी डिसेंबरमध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय संग्रहाच्या सूटलँडच्या गोदामात आग लागून सुमारे १ कोटी २६ लाख फूट समाचारपटांचं नायट्रेट जळून गेलं. कुणीतरी फेकून दिलेलं राहिलं आणि जपून ठेवलेलं गेलं. (तुझ्या डब्यांत नायट्रेट नसणार, काळजी नको, १६ एमएम आणि ८ एमएम घरगुती फिल्म सुरुवातीपासून सेफ्टी बेसवरच, म्हणजे सहज पेट न घेणाऱ्या पट्टीवरच, यायची.)

काठावरची

ताई, दोन डब्यांना वास येतोय!! मी आजवर तो जुनेपणाचा वास समजत होते. आत्ताच वेगळे केले. उद्याच स्कॅनसाठी फोन करते.

टाइमकोड

काठावरची, तांत्रिक बाजूचं मी सांगतो कारण वाचताना एक शंका आली. तुझी फ्रेम १६:९ आहे ना? आणि समाचारपट ४:३? मग तू तो मोठा करून फ्रेम भरलीयस का?

काठावरची

हो. दोन्ही बाजूंच्या काळ्या पट्ट्या बघून सगळे म्हणाले जुनाट दिसतं, म्हणून झूम केलं.

टाइमकोड

मग बघ काय होतं. ४:३ चं चित्र रुंदीने १६:९ मध्ये भरलं की उंचीतला बरोबर २५ टक्के भाग जातो. चौथाई चित्र! ज्याने शूट केलं त्याने डोकी, पाय, आभाळ सगळं मोजून फ्रेम लावली होती, आपण पट्ट्या नकोत म्हणून त्याची फ्रेम कापतो. आणि तुझी फाईल जुन्या टेपवरून आलीय म्हणजे त्याआधी टेलिसिनेमध्येसुद्धा (फिल्म टेपवर उतरवताना) चारी कडा थोड्या खाल्ल्या गेल्या असणार, शिवाय टेपचं चित्र इंटरलेस्ड, म्हणजे हलणाऱ्या गोष्टींच्या कडांना फणीचे दात दिसत असतील. झूम केलं की ते दात अजून मोठे होतात.

संग्रहाकडे मूळ १६ एमएम प्रिंट किंवा निगेटिव्ह अजून आहे का ते विचार. असेल तर पैसे घाल पण नवीन स्कॅन कर, आणि सांगताना "भोकांपर्यंत पूर्ण फ्रेम" असं स्पष्ट सांग.

वेगाचंही बघ. सुपर ८ बहुतेक वेळा सेकंदाला १८ फ्रेमने शूट झालेलं असतं. ते २५ च्या टाइमलाइनवर फ्रेमला फ्रेम टाकलंस तर माणसं जवळजवळ १.४ पट वेगाने पळतात, मूकपटातल्यासारखी लगबग करतात आणि प्रेक्षक हसतो. स्वतःच्या घरात चालणारा माणूस हास्यास्पद होऊन जातो. मूळ वेग धरून मधल्या फ्रेम तशाच रिपीट कर, नवीन फ्रेम बनवणारं सॉफ्टवेअर लावू नकोस, हात आणि चेहऱ्याच्या कडा वितळल्यासारख्या होतात.

नवा_गडी

एक भाबडा प्रश्न, आता एआयने जुनं फुटेज इतकं साफ करता येतं, रंगही भरता येतात, मग का नाही वापरायचं? पहिल्या महायुद्धाच्या फुटेजवर २०१८ मध्ये दिग्दर्शक पीटर जॅक्सनने केलेलं बघून मी तर थक्क झालो होतो, वेग दुरुस्त केलाय, रंग भरलेत, ओठ वाचून संवाद घातलेत, सैनिक एकदम आपल्यातले वाटायला लागतात.

टाइमकोड

वेग दुरुस्त करणं वेगळं आणि रंग-चेहरे भरणं वेगळं. वेग मूळ फिल्ममध्येच असतो, तो आपण फक्त परत आणतो. धूळ, ओरखडे काढणं, थरथर थांबवणं हेही चालेल. पण जिथे चेहरा म्हणजे पाचसहा दाणे एवढाच आहे तिथे एआयला कुठून कळणार नाक कसं होतं? ते दुसऱ्या लाखो चेहऱ्यांवरून अंदाजे नाक बसवतं. म्हणजे काठावरचीच्या ट्रकवाल्या क्लिपचाच प्रकार, दुसऱ्याची माणसं, फक्त फ्रेमच्या आत घुसवलेली. जॅक्सनच्या टीमने गणवेश, जागा यांचा खूप अभ्यास करून केलं होतं आणि मूळ फुटेज संग्रहात जसंच्या तसं राहिलंच, तरीही त्यावर अभ्यासकांमध्ये मतभेद झाले. माझं वैयक्तिक मत, अनोळखी माणसांच्या कपड्यांना मी रंग देणार नाही.

सही_शिक्का

हक्कांवर कुणी बोललं नाही म्हणून मी लिहिते, कंटाळवाणं वाटेल पण फिल्म इथेच अडकतात. त्या मुलीने डबे दिले म्हणजे तिने वस्तू दिली, वापरायचा हक्क कागदावर घेतलाय का? रीळ ज्याच्या कपाटात असतं तो आणि कॉपीराइट ज्याचा असतो तो, यात फरक असू शकतो. वडिलांनी स्वतः शूट केलं असेल तर हक्क वारसांकडे, म्हणजे भावंडं असतील तर सगळ्यांच्या सह्या लागतील. आजच एक साधं पत्र कर, काय वापरणार, कुठे दाखवणार, किती वर्षं, मूळ रिळं कधी परत देणार. नाती चांगली आहेत तोवरच कागद होतात.

संग्रहाच्या फुटेजचं लायसन्स सेकंदावर किंवा मिनिटावर असतं आणि कुठे, किती वर्षं, कुठल्या माध्यमात यावर दर बदलतो. पैसे वाचवायला फक्त महोत्सवांचं घेतलंस आणि नंतर कुणी ऑनलाइन दाखवायला मागितलं तर परत पहिल्यापासून. अमेरिकेत नागरी हक्क चळवळीवरची 'आइज ऑन द प्राइझ' ही १४ भागांची मालिका, इतकं मोठं काम, पण त्यातल्या जुन्या क्लिप, फोटो आणि गाण्यांचे परवाने ठराविक मुदतीचे होते, ते संपले आणि ती कित्येक वर्षं टीव्हीवर दाखवता येत नव्हती, पैसे उभे करून परवाने परत घेतल्यावर २००६ मध्ये पुन्हा लागली. म्हणून एडिट करतानाच तक्ता ठेव, प्रत्येक क्लिपचा टाइमकोड, मूळ रिळाचा नंबर, मालक, किती सेकंद. कट लॉक झाल्यावर मागे जाऊन शोधताना माणूस वेडा होतो, आणि वॉटरमार्कवाली एखादी फाईल कुठून डाउनलोड केली होती ते कुणालाच आठवत नाही.

फुटेजमध्ये मागे गाणं वाजत असेल तर त्याचा हक्क वेगळा हेही बघ.

दवबिंदू

सही_शिक्का, खूप उपयोगी. प्रतिसाद जतन करून ठेवला.

आंबट_वास

आता मूळ प्रश्नावर. पाचोळा म्हणाले तेच मलाही छळतं की कॅमेरा ज्यांच्याकडे कधी वळलाच नाही त्यांचं काय. पण माझा अनुभव सांगते, सरकारी फुटेजमध्ये "ती" माणसं असतात, फक्त मधोमध नसतात. कॅमेरामनला पाहुणे शूट करायला पाठवलेलं असतं, त्यामुळे बाकीचं जग कडेला, मागे, शॉटच्या सुरुवातीला किंवा शेवटच्या दीड सेकंदात असतं, कॅमेरा वळताना. आपण शॉट वापरताना नेमकं तेच कापतो. कोपरा बघायला शिकायला लागतं.

'नाइट अँड फॉग'ची गोष्ट बऱ्याच जणांना माहीत असेल. १९५६ ची फिल्म, नाझी छळछावण्यांवरची. त्यात एक जुना फोटो होता ज्यात छावणीवर पहारा देणारा फ्रेंच पोलीस दिसत होता, ओळख पटत होती ती त्याच्या टोपीवरून. फ्रेंच सेन्सॉरने ती टोपी झाकायला लावली. म्हणजे एवढ्या सगळ्या भयानक चित्रांमध्ये त्यांना खुपली ती एक टोपी, कारण त्या टोपीमुळे "आपलेही यात होते" हे सिद्ध होत होतं. कोपऱ्यातली एक टोपी एवढं बोलू शकते.

तर माझं म्हणणं, ते उद्घाटनाचं रीळ आवाज बंद करून, पूर्ण लांबी, न वापरलेल्या तुकड्यांसकट आजींबरोबर बसून बघ. समाचारपटाचं निवेदन नंतर स्टुडिओत चढवलेलं असतं, ते आपल्याला कुठे बघायचं ते सांगत राहतं. ते गेलं की डोळे मोकळे होतात.

पाचोळा

आंबट_वास, हे पटलं. आवाज बंद करून बघायचं कधी सुचलंच नाही मला.

काठावरची

सगळ्यांचे खूप आभार, घरचं कुणीतरी बाजूला बसून समजावतंय असं वाटलं. ट्रकचा शॉट टाइमलाइनवरून काढला. आत्ता तिथे काळं आहे. स्कॅन आणि बाकीच्या गोष्टी झाल्या की परत लिहिते.

काठावरची (सात आठवड्यांनंतर)

धागा वर आणतेय, सांगायचं खूप आहे.

वारसांचं पत्र झालं, दोन भाऊ आणि त्या, तिघांच्या सह्या. सुपर ८ चे पाच डबे नीट स्कॅन झाले, वास येणाऱ्यांपैकी एकातला शेवटचा भाग गेला, चित्र सुटून आलंय. त्यात गावाचं काही नाही, बहुतेक कॉलनीतली मुलं आणि मशिनरी, पण एका डब्यात नदी आहे, धरणाच्या आधीची, मोकळी वाहणारी, ४० सेकंद. इंजिनिअरसाहेबांनी का काढली असेल माहीत नाही, पण १८ च्या वेगाने ती बघताना खोलीत कुणी बोललं नाही.

आता मुख्य. संग्रहाकडे समाचारपटाची १६ एमएम प्रिंट होती!! आणि तिच्याबरोबर न वापरलेल्या तुकड्यांचा एक छोटा डबा. पूर्ण फ्रेमचा स्कॅन करून घेतला. टाइमकोड, तुम्ही म्हणालात तसंच झालं. फीत कापण्याचा शॉट, ज्यात मंडप, पाहुणे, टाळ्या, त्यात माझ्या कटमध्ये मंडपाच्या कनातीच्या लगेच वर फ्रेम संपत होती. पूर्ण फ्रेममध्ये कनातीच्या वर टेकडीचा उतार आहे आणि त्या उतारावर माणसं उभी आहेत. रांगेने. मी मोजली, साधारण तीस-पस्तीस. मी हा शॉट आठ महिने रोज बघत होते आणि ती माणसं मी स्वतःच कापून टाकली होती.

न वापरलेल्या तुकड्यात हाच शॉट थोडा लांब आहे आणि शेवटी कॅमेरा किंचित वर जातो, बहुधा कॅमेऱ्याला दिलेली चावी संपत आली म्हणून हात हलला असेल, तेव्हा अख्खी रांग दिसते. ११ सेकंद नाहीत, ४ आहेत.

आजींना दाखवलं, आवाज बंद करून. त्यांनी परत मागे घ्यायला सांगितलं, तीन वेळा. चेहरे ओळखू येत नाहीत, दाणेच आहेत, त्यामुळे "ही मी" असं काही त्या म्हणाल्या नाहीत आणि मी विचारलंही नाही. त्या टेकडीवर बोट ठेवून म्हणाल्या, "हितनंच बघत होतो आम्ही. खाली येऊ देत नव्हते." आम्ही तिथे बसल्या बसल्या हेही रेकॉर्ड केलं, स्क्रीनचा उजेड त्यांच्या चेहऱ्यावर होता.

स्टीनबेक

वाचून थोडा वेळ काहीच लिहिता आलं नाही. शाब्बास पोरी.

नवा_गडी

मनापासून विचारतो, खवचटपणा नाही, त्या चेहऱ्यांवर आता एआय लावून बघावंसं वाटलं नाही का? म्हणजे निदान आजींसाठी?

काठावरची

वाटलं. खोटं नाही सांगत, एका रात्री ती फ्रेम घेऊन बसले होते. मग टाइमकोडांचा प्रतिसाद आठवला. आजींना मी पस्तीस अनोळखी चेहरे दाखवले असते, आणि त्यातला एखादा त्यांना आपल्या माणसासारखा वाटला असता तर मी काय उत्तर दिलं असतं? दाणे तसेच ठेवले.

टाइमकोड

बरोबर केलंस. काळ्या पट्ट्यांचं काय ठरलं?

काठावरची

राहिल्या. सगळं जुनं फुटेज पूर्ण ४:३ मध्येच. आणि टेकडीच्या शॉटला खाली एक ओळ देतोय, कुणी शूट केलं ते नाव नोंदीत नाही पण समाचारपटाचा न वापरलेला भाग आणि तारीख एवढं. पाचोळा, तुमच्या प्रश्नामुळे आजी चालत गेल्याचं सांगतात तिथे चित्रच ठेवलं नाहीये, त्यांचा चेहराही नाही, पूर्ण ५० सेकंद काळं, फक्त आवाज. तुम्हाला आवडेल का माहीत नाही.

पाचोळा

५० सेकंद खूप आहेत, मी आधीच सांगतो. पण तुझ्या जागी मीही तेच केलं असतं आता. त्या काळ्यानंतर काय येतं?

काठावरची

नदीचे ४० सेकंद.

एक शेवटचं अडलंय. टेकडीचा तुकडा मुका आहे, सोबत आवाज नाहीच. आमचा साउंडवाला म्हणतो लांबून टाळ्या आणि थोडा वारा घालू, नाहीतर प्रेक्षकाला वाटेल काहीतरी बिघडलंय. मला टाळ्या नकोत, पण एकदम शून्य शांतताही कानाला भोक पडल्यासारखी वाटते.

स्टीनबेक

टाळ्या अजिबात नकोत, टेकडीवरचे टाळ्या वाजवत होते की नाही आपल्याला माहीत नाही. तुम्ही आजींना जिथे बसून हा तुकडा दाखवलात त्या खोलीचा रूम टोन, म्हणजे कुणी बोलत नसतानाचा खोलीचा आवाज, आहे का? नसेल तर मिक्सच्या आधी परत जा, पंखा बंद करायला सांग, आजी बसलेल्या असताना दोन मिनिटं सलग रेकॉर्ड कर आणि तो घाल.

काठावरची

रविवारी जातेय.